उजेड्या

उमरेडला समुद्र नाही. नागपूरहून गडचिरोलीकडे निघालेल्या रस्त्यावर, पन्नासेक किलोमीटरच्या आतबाहेर आमचे गाव. एका अंगाला कोळशाची खुली खाण, दुसऱ्या अंगाला कऱ्हांडल्याचे जंगल, आणि उरलेल्या जागेत धान, सोयाबीन, कपाशी नि मिरची. कोणत्याही दिशेला तोंड करून निघालात तरी पाचशे किलोमीटरच्या अलीकडे खारे पाणी लागत नाही. पूर्वी निदान नागपूर-नागभीडची अरुंद रुळांची गाडी होती. तिच्या खिडकीशी बसून मी लहानपणी वाटेल तिकडे जाऊन येत असे. रुंद मार्ग घालायचा म्हणून २०१९ मध्ये तीही थांबली. अशा गावात बसून गेली चार वर्षे मी एका समुद्रसर्पापायी झोप घालवीत आलो आहे.

माझे शिक्षण मॅट्रिक. हल्ली तिला दहावी म्हणतात. पण आमचे वडील अखेरपर्यंत मॅट्रिकच म्हणत आणि मलाही तोच शब्द भारदस्त वाटतो. पुढे चित्रकलेची पदविका मिळविली व तिच्या जोरावर शाळेत चिकटलो. दोन कादंबऱ्या छापून आल्या आहेत. त्या ज्यांनी वाचल्या ती सर्व माणसे मला नावानिशी ठाऊक आहेत. तिसरी कादंबरी मुलांसाठी लिहावी असे मनात आले, आणि तिथे हा साप शिरला.

त्याचे मूळ कोकणात आहे. लग्नानंतरच्या दुसऱ्या हिवाळ्यात आम्ही उभयता मालवणच्या बाजूला गेलो होतो. तोवर दोघांनीही समुद्र पाहिला होता तो सिनेमात. एका गाबीत कुटुंबाकडे उतरलो होतो. तिसऱ्या रात्री अवस होती. जेवणे आटोपल्यावर घरधनी म्हणाले, “पाणी बघूक येतास?” पाणी ते काय बघायचे, असे मनात म्हणत आम्ही त्यांच्या बॅटरीमागून निघालो. वाळूवर पोचल्यावर त्यांनी बॅटरी विझविली. पहिल्यांदा काहीच दिसेना. मग समोर काळोखात एक लाट फुटली आणि तिच्या सबंध लांबीभर निळा उजेड धावत गेला. दुसरी फुटली, तिसरी फुटली. सौ. ओल्या वाळूवरून चालू लागली तर तिच्या पावलाभोवती ठिणग्या उमटत व विझत. तिने पाण्यात हात बुडवून वर काढला; बांगड्यांवरून उजेड ठिबकत होता. ती हसायला लागली आणि हसतच राहिली. “हात काढा वयनी,” घरधनी म्हणाले, “पाण्यात साप आसतत.”

दुसऱ्या दिवशी सकाळी जाळ्यात तो साप आला. दीडदोन हात लांब, राखट रंगाचा, वल्ह्यासारखी चपटी शेपटी. त्यांनी काठीने उचलून तो पाण्यात भिरकावला आणि पुन्हा मासे निवडायला बसले. विष नागाहून जहाल, पण स्वभाव असा की सहसा कुणाच्या वाटेला जात नाही, असे काहीसे त्यांनी सांगितले. परतीच्या सबंध प्रवासात माझ्या डोक्यात रात्रीचे पाणी आणि सकाळचा साप एकमेकांत गुंतत राहिले. नागपूर येईपर्यंत त्यांची गाठ बसली होती.

खरे काय आहे तेही सांगून टाकतो. त्या निळ्या उजेडाचा नि सापाचा काही संबंध नाही. खसखशीच्या दाण्याएवढे, एकाच पेशीचे असंख्य जीव पाण्यात तरंगत असतात. शास्त्रज्ञ त्यांना नोक्टिल्युका म्हणतात. पाणी ढवळले की त्यांच्या अंगातील रसायने एकमेकांस मिळतात व क्षणभर उजेड पडतो. नोव्हेंबर २०२० मध्ये कोकणकिनाऱ्यावर अशा निळ्या लाटा दिसल्या तेव्हा त्यांची छायाचित्रे उमरेडच्या पानटपरीवरदेखील फिरत होती, आणि मी आपला प्रत्येकाला “आम्ही आधीच पाहिलंय” असे सांगत होतो. समुद्रसापाला स्वतःचा उजेड नाही. त्याला श्वास घ्यायला पाण्यावर यावे लागते, आणि अंगातले जास्तीचे मीठ बाहेर टाकायला त्याच्या जिभेखाली एक ग्रंथी असते. एवढी विद्या त्याला पुरते. पाठीचा कणा असलेल्या प्राण्यांत स्वतःच्या अंगाचा उजेड काय तो माशांना मिळाला आहे, तोही सगळ्यांना नाही. पृथ्वीच्या पाठीवर चमकणारा साप नाही. म्हणूनच तो करावा लागला.

माझ्या गोष्टीत उमरेडच्या खाणीखाली एक समुद्र आहे. त्याचे नाव काळदर्या. खाणीचा खड्डा पावसाळ्यात पाण्याने भरला की वरून पाहताना ते पाणी हिरवे-काळे दिसते. त्याला तळ नसावा असे आमच्या लहानपणी आम्हांला वाटे, आणि ज्याला तळ नाही तो कुठेतरी दर्याला लागतच असणार. या काळदर्यावर सूर्य नाही, चंद्र नाही. तिथे नावाडी आहेत, त्यांची गावे आहेत, बाजार आहेत. ते सगळे आमच्या उमरेडची बोली बोलतात, कारण मला दुसरी येत नाही. आणि त्या पाण्यात तो साप फिरतो. लांबी म्हणाल तर डोके बसस्थानकाशी ठेवले तर शेपटी बाजारात. शांत असला की निळा, रागावला की पांढरा, आणि भ्यायला की विझतो. काळदर्याला एक फेरी घालायला त्याला जेवढा वेळ लागतो तेवढा तिथला एक दिवस. तो गावावरून जातो तेव्हा बायका दळण काढतात, पोरे शाळेत जातात, नावा सुटतात. तो पुढे गेला की रात्र. त्याचे नाव मी ‘प्रभानाग’ ठेविले होते. सहावीच्या वर्गात पहिले प्रकरण वाचून दाखविले त्या दिवशी एका पोराने मधल्या सुटीत त्याला ‘उजेड्या’ केले, आणि त्यानंतर प्रभानाग कुणी म्हटले नाही. मीसुद्धा नाही.

आमच्या भूगोलाच्या सरांना हे पसंत नव्हते. ते द्विपदवीधर आहेत. “खाणीखाली समुद्र? हा कोळसा दलदलीतल्या झाडांचा आहे. पंचवीस कोटी वर्षांहून जुना. तेव्हा साप नावाचा प्राणीच नव्हता.” मी म्हणालो, “बरे झाले, म्हणजे माझा पहिलाच.” यावर ते चार दिवस बोलले नाहीत. पाचव्या दिवशी मात्र एक कात्रण घेऊन आले. मला वाटते माणसाला दुसऱ्याचे खोटे खोडून काढता काढता त्याची गोडी लागत असावी.

त्या कात्रणात वासुकी होता. कच्छमध्ये पानंध्रो येथे लिग्नाइटची, म्हणजे कच्च्या कोळशाची, खाण आहे. तिथे २००५ मध्ये काही मोठे मणके सापडले. सुरुवातीला ते मगरीसारख्या प्राण्याचे वाटले. पुढे रुरकीच्या आय. आय. टी. मधील देबजित दत्ता आणि सुनील बाजपेयी यांनी ते पुन्हा तपासले, तेव्हा तो साप निघाला. एकूण २७ मणके. वय सुमारे ४ कोटी ७० लाख वर्षे. सापाची लांबी ११ ते १५ मीटर असावी असा अंदाज. एप्रिल २०२४ मध्ये त्यांनी हे प्रसिद्ध केले व त्याला नाव दिले ‘वासुकी इंडिकस’. क्षीरसागर घुसळताना ज्याचा दोर केला होता त्याचे नाव. हा वासुकी समुद्रात नव्हे तर दलदलीत राहत असावा, हे सरांनी दोनदा अधोरेखित करून आणले होते.

“पण खाणीत सापडला,” मी म्हणालो.

“कोळशाच्या खाणीत,” सर म्हणाले, आणि आम्ही दोघेही खिडकीतून आमच्या खाणीच्या बाजूला पाहू लागलो.

मग त्यांना चेवच आला. वरोऱ्याजवळच्या पिसदुऱ्याला डायनासोरांचे अवशेष मिळतात हे मला ठाऊक होते. तिथे मिळालेल्या एका मोठ्या सापाला २०११ मध्ये त्या गावावरूनच ‘मॅडसोइया पिसदुरेन्सिस’ असे नाव मिळाले हे ठाऊक नव्हते. वासुकी आणि हा पिसदुऱ्याचा, दोघे एकाच कुळातले. म्हणजे वासुकीचा चुलत-आजोबा आमच्या चांद्याचा! आणि तेवढ्यावर न थांबता सरांनी झिलमिली काढली. छिंदवाडा जिल्ह्यातील हे ठिकाण. तिथल्या काळ्या खडकांच्या दोन थरांमध्ये समुद्रात तरंगणाऱ्या सूक्ष्म जीवांचे अवशेष मिळाले, आणि त्यावरून साडेसहा कोटी वर्षांपूर्वी समुद्राचा एक फाटा तिथवर आला असावा असे काही शास्त्रज्ञांनी मांडले आहे. छिंदवाड्याला आम्ही सोयरिकी करतो, तिथल्या लग्नांना जातो, उन्हाळ्यात तिथून आंबे आणतो. तिथे समुद्र आला होता! त्या रात्री मी प्रकरण तिसरे पुरे केले.

सर्पाला अशी जागा देणारा मी काही पहिला नाही, हे मला चांगले समजते. आपल्याकडे पृथ्वी शेषाच्या मस्तकावर आहे, विष्णू त्याच्या अंगावर निजला आहे, एक शंकराच्या गळ्यात आहे आणि एकाच्या डोक्यावर कृष्ण नाचला. उत्तरेकडच्या नॉर्स लोकांच्या पुराणात एक सर्प समुद्रात सबंध जगाला वेढा घालून स्वतःचीच शेपटी तोंडात धरून पडला आहे. त्याने ती सोडली की जग बुडणार. अलीकडच्या काळातही १८४८ मध्ये ‘डेडलस’ या इंग्रज आरमारी जहाजाच्या कप्तानाने व खलाशांनी आफ्रिकेच्या दक्षिण टोकाकडून येताना असा सर्प पाहिल्याचे लिहून दिले आणि लंडनच्या वर्तमानपत्रांत मोठा वाद माजला. माणसांना जिथे दिसत नाही तिथे साप असतोच. आमच्या जंगलात जय नावाचा वाघ होता, नागझिऱ्याहून चालत आलेला. तो २०१६ मध्ये दिसेनासा झाला. पण परवापर्यंत त्याला पाहिल्याचे सांगणारा एखादा तरी चहाच्या टपरीवर भेटत असे, आणि दर खेपेस वाघ हातभर वाढलेला असे.

उजेड्याच्या डोक्यावर मात्र मणी आहे, आणि तो मी आजीकडून घेतला. नागमण्याची गोष्ट ठाऊक नसलेले घर आपल्याकडे नसेल. म्हातारा झालेला नाग रात्री मणी खाली ठेवतो व त्याच्या उजेडात चरतो. ज्याला तो मणी हवा त्याने झाडावर दबा धरून बसावे आणि वरून मण्यावर शेण टाकावे. उजेड गेला की नाग आंधळा होतो, डोके आपटून आपटून मरतो. सकाळी खाली उतरून मणी घ्यावा. आजी ही गोष्ट सांगायची तेव्हा आम्ही भावंडे श्वास रोखून त्या झाडावर बसलेलो असू. आमच्यातला एकही कधी नागाच्या बाजूने नव्हता. नागपंचमीला हीच आजी विळी बाजूला ठेवी, चुलीवर तवा चढू देत नसे, जमीन खणू देत नसे, आणि पाटावर गंधाने काढलेल्या नागाला दूध-लाह्या वाही. त्या पूजेचा आणि त्या शेणाचा मेळ कसा घालायचा, हे आम्ही तिला विचारले नाही.

तर माझ्या गोष्टीचा शेवट ठरलेला होता. खाणीत वाट चुकलेला नायक (अर्थात उमरेडचा, अर्थात सहावीतला) काळदर्यावर पोचतो, संकटांतून जातो, उजेड्याला गाठतो, मणी मिळवितो आणि वर येतो. ज्या प्रकाशकांशी बोलणे झाले होते त्यांनाही हा शेवट पटला होता. “मुलांना विजय हवा असतो,” असे ते म्हणाले होते.

गेल्या पावसाळ्यात मी एकेक प्रकरण वर्गात वाचू लागलो. चित्रकलेच्या तासाला हे सुख आहे. त्यात कुणी नापास होत नाही आणि म्हणून त्यात काय चालले आहे हे पाहायला कुणी येत नाही. मी वाचायचे, मुलांनी ऐकता ऐकता काढायचे. चाळीस वह्यांत चाळीस उजेड्ये तयार होत. कुणाचा डोंगराएवढा, कुणाचा गांडुळासारखा, एकाने त्याला मिशा काढल्या होत्या. एका वहीत मात्र काही नसे. मागच्या बाकावरची एक मुलगी. चित्रे उत्तम काढणारी. तिने नाव काढली, नावाडी काढले, त्यांच्या झोपड्यांवरची कौले एकेक मोजून काढली. साप नाही. सापाची जागा कोरी. मी एकदा म्हणालो, “अगं, कथेचा राजाच राहिला की!” ती काही बोलली नाही. मला वाटले, सावकाश काढणार असेल.

तिचा बाप आदल्या वर्षी अश्विनात सर्पदंशाने गेला, हे मला तेव्हा माहीत नव्हते. वर्गशिक्षकांना माहीत होते. चित्रकलेच्या मास्तराला असल्या गोष्टी कळत नाहीत. त्याच्याकडे हजेरीची वही नसते.

नंतर कळले ते असे. धानाला शेवटचे पाणी द्यायचे होते. पंपाला वीज त्या आठवड्यात रात्रीची होती. बांधीत पाणी फिरवायला तो अनवाणी गेला. घोणस फुत्कारते, चांगली कुकरच्या शिट्टीसारखी फुत्कारते; पण मोटार चालू होती. पाय पडला. घरी आला तेव्हा शुद्धीवर होता, बोलत होता. आधी त्याला दुसरीकडे नेले. दुसरीकडे म्हणजे कुठे, हे गावाकडच्या माणसाला सांगावे लागत नाही. मग दवाखान्यात. मध्ये रात्र निघून गेली होती. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चौघांच्या विषावर एकच लस चालते, ती दवाखान्यातच मिळते आणि जितकी लवकर टोचली जाईल तितकी बरी, हे मी शाळेच्या फळ्यावर रंगीत खडूने दर पावसाळ्यात लिहीत आलो आहे. ती मुलगीही ते वाचत आली असेल.

भूगोलाच्या सरांनी मला एक आकडा सांगितला. २००० ते २०१९ या वीस वर्षांत भारतात सुमारे बारा लाख माणसे सर्पदंशाने मेली, वर्षाला सरासरी ५८ हजार. असे २०२० मध्ये प्रसिद्ध झालेला एक अभ्यास म्हणतो. त्यांतली बहुतेक खेड्यांतली, आणि निम्मी पावसाळ्यात. माझा साप बसस्थानकापासून बाजारापर्यंत लांब होता. या आकड्यापुढे तो कसा दिसतो ते मी तुम्हांला सांगायला नको.

मी वाचन थांबवायचे ठरविले. पुढच्या तासाला नुसती फळांची टोपली काढायला सांगितली. मुलांनी गलका केला. “सर, उजेड्या! उजेड्याचं काय झालं?” मी काहीतरी कारण देत होतो तेवढ्यात ती मागच्या बाकावरून उठली. वर्ग गप्प झाला. त्या सगळ्यांना माहीत होते. मलाच काय ते उशिरा कळले होते.

“सर,” ती म्हणाली, “असा उजेडाचा साप असता तं बाबाले दिसला असता ना.”

मी “हो” म्हणालो. दुसरे काही सुचले नाही.

“मंग वरच्या सापाले काहून नाही देल्ला उजेड?”

चार वर्षांत कुणीही मला या गोष्टीबद्दल इतका नेमका प्रश्न विचारला नव्हता. मी काळदर्या केला, त्याचा दिवस मोजायची रीत केली, सापाचे तीन रंग केले, आणि बारा वर्षांच्या मुलीने त्या सगळ्याच्या मधोमध असलेले भोक दाखविले. खालच्या जगात उजेड आहे तर वरच्या जगात अंधार का? मी म्हणालो, “पुढच्या प्रकरणात आहे.” हे अर्थातच खोटे होते. मला शेवटी मण्याची चोरी तेवढी ठाऊक होती.

त्याच तासाला मिशांचा उजेड्या काढणाऱ्या पोराने दुसरे भोक दाखविले. शेवट त्याला कुणाकडून तरी कळला होता. “सर, मणी घेऊन हा वर आला, तं खालच्या लोकायचा दिवस कसा निंगन?” मी गोष्ट कशी रचतो याचा मला थोडा अभिमान होता. तो त्या पावसाळ्यात उतरला.

आठवडाभर मी ते नवे प्रकरण लिहिले. रात्री जेवणानंतर बसायचो ते सौ. दिवा मालवायला येईपर्यंत. त्यात असे केले: फार पूर्वी वरच्या सगळ्या सापांना उजेड होता. रानात, बांधावर, घराच्या वळचणीला ते दिव्यासारखे फिरत आणि माणसे त्यांना वाट देत. मग कुणीतरी पहिल्यांदा झाडावर चढून शेण टाकले. मग दुसऱ्याने. मण्यासाठी इतके साप मारले गेले की उरलेल्यांनी आपापला उजेड गिळून टाकला आणि अंधारात राहायला शिकले. एकच पळाला, भूमीच्या पोटात शिरला, तो उजेड्या. लिहून झाल्यावर मला ते फार आवडले. आजीच्या गोष्टीलाही उत्तर दिले असे वाटले. कादंबरीचा शेवट त्याबरोबर बदललाच. आता मणी घेऊन वर येण्याचा प्रश्न नव्हता. प्रकाशकांना तसे कळविले. त्यांचे उत्तर अजून आलेले नाही, आणि बहुधा येणार नाही.

हे प्रकरण मी वर्गात वाचले. मुले खूश झाली. मिशावाला म्हणाला, “म्हंजे मानसानंच इझवला!” मी मागच्या बाकाकडे पाहिले. ती विचार करीत होती. तास संपल्यावर बाकी सगळे धावले तरी ती थांबली आणि टेबलाशी आली.

“सर, चांगलं हाय,” ती म्हणाली. मग थोड्या वेळाने, “पण माह्या बाबानं तं नोहता मागतला मणी.”

मी तिला काय सांगणार? तिचे म्हणणे खरे होते. मी वह्या गोळा करू लागलो. तीही गोळा करू लागली.

कादंबरीत ते प्रकरण मी ठेवले आहे. पण आता त्याच्या अखेरीस एक मुलगी उजेड्याच्या तोंडासमोर उभी राहून हे वाक्य बोलते, आणि उजेड्या विझतो. रागाने पांढरा होत नाही; विझतो. पुढचे पान मी सहा वेळा लिहिले आणि सहाही वेळा काढून टाकले. तूर्त तिथे काळोख आहे.

दिवाळीच्या सुटीआधी शाळेत प्रदर्शन असते. मुलांनी हट्ट धरला की पुठ्ठ्याचा उजेड्या करायचा. बारा फूट लांबीचा केला. उजेडासाठी काय करावे याचा खल झाला. कुणी रंगीत दिव्यांची माळ सुचविली. ती शाळेच्या एकुलत्या बटणाला सोसेना. शेवटी गाड्यांवर पाट्या चिकटविणाऱ्याच्या दुकानातून ‘रेडियम’च्या पट्ट्या आणल्या. त्यात रेडियम नसते, आणि स्वतःचा उजेडही नसतो. अंधारात बॅटरीचा झोत पडला की तो परत फेकते एवढेच. पण खिडक्यांना चादरी लावून बॅटरी फिरविली की सबंध साप एकदम अंगावर येई. बारक्या मुली किंचाळत आणि पुन्हा रांगेत उभ्या राहत. पट्ट्यांचे खवले कापण्याचे काम मागच्या बाकावरचीने केले. एकसारखे, एकावर एक चढविलेले, कौलांसारखे. सापाला हात लावताना तिने आधी पुठ्ठ्याच्या कडेवरून बोट फिरविले. मग कामाला लागली.

प्रदर्शन संपले. उरलेल्या पट्ट्या मी टेबलाच्या खणात टाकीत होतो, तेव्हा तिने विचारले, “सर, हे नेऊ काय?” दोन हात लांबीचा तुकडा होता. मी म्हणालो, ने. वह्यांना लावील, सायकलला लावील, असे मला वाटले.

धनत्रयोदशीच्या संध्याकाळी बाजारात तिचे काका भेटले. तेच आता शेत पाहतात. सायकलच्या दांडीला पणत्यांची पिशवी होती, मागे कॅरिअरला गमबुटाचा नवा जोड बांधला होता, आणि हातात काठी. तिच्यावर खालपासून मुठीपर्यंत तिरप्या पट्ट्या चिकटविलेल्या होत्या. समोरून येणाऱ्या मोटारसायकलचा दिवा पडला तसे ती सबंध काठी लखकन चमकली. मी पाहतो आहे हे पाहून ते ओशाळले.

“पोरीनं लावलं जी,” ते म्हणाले. “बुटालेबी लावून ठेवलं हाय. म्या म्हटलं, सापाले दिसन मी, मले साप नाही दिसन. तं म्हन्ते, कोणाले तरी दिसू दे.”

पंपाची पाळी त्यांना त्या आठवड्यातही रात्रीचीच आली होती. त्यांनी पणत्या सांभाळीत सायकल वळविली, आणि बाजाराच्या गर्दीतून ती काठी बरीच दूरपर्यंत मला दिसत राहिली.